तिसरी पोळी आणि चाळीस अंगठे

"लिही म्हणतो ना!" राजा भडकसेनाने समोरचं बसकं मेज पायाने ढकललं. "'कुणालाही महाराजांना नाही म्हणता येणार नाही.' एवढंच! चाळीस बोरूकर बसलेत, आणि एका वाक्याला घाम फुटतो?"

"महाराज, असं लिहिता नाही येत..." थोरले बोरूकर नागूअण्णा पुटपुटले.

"बघा! हाही नाही म्हणतो! तो आचारीही नाही म्हणतो!"

भांडणाचं मूळ पोळीत होतं. सकाळी राजाने तिसरी पुरणपोळी मागितली आणि आचारी सरळ म्हणाला, "नाही! काल सात खाल्ल्यात आणि दुपारभर पोट धरून लोळलात." झालं! राजा त्याला हातातल्या उलथन्यासकट ओढत बोरूकरांच्या आळीत घेऊन आला; मागोमाग छत्रीवाला आणि प्रधानही धावत आले. कारण या आळीत जे लिहिलं जाई ते खरं होई. बोरूकरांनी 'ताप उतरो' लिहिलं की ताप उतरे, 'विहिरीला पाणी लागो' लिहिलं की पाणी लागे.

"ऊन या खांबाला टेकेपर्यंत लिहून हवंय," राजा गरजला. "नाहीतर चाळिसांचे उजवे अंगठे उतरवीन!"

आता काय करणार? लिहावं, तर उद्या राजा 'घाला दरीत उडी' म्हणाला तरी उडी घालावी लागणार. न लिहावं, तर अंगठे जाणार. ऊन खांबापासून हातभर उरलं होतं.

कोपऱ्यात गोजरा शाई घोटत होती. तीस वर्षं तेच काम: काजळी, डिंक आणि खल. बोरूकरांच्या समोर बसून बसून ती अक्षरं शिकली होती. समोरून शिकली म्हणून उलटी वाचायची, पण त्या चाळिसांपेक्षा भरभर! कधी बोरू मागितला, तर अण्णांचं उत्तर ठरलेलं, "शाईवालीने शाई घोटावी."

"अण्णा, लिहा की!" ती कोपऱ्यातून म्हणाली. "रडता कशाला?"

"गोजरे, वेड लागलं का तुला?"

"लिहा तर खरं!"

अण्णांनी बोरू बुडवून 'कुणालाही' लिहिलं. आणि काय! अक्षरांना पाय फुटले. मुंग्यांसारखी रांग धरून ती कागदावरून उतरली आणि राजाच्या जोड्यात शिरली. राजा एका पायावर नाचू लागला.

"मागे धाकट्या बोरूकरांनी 'सगळ्या गाईंचा ताप उतरो' लिहिलं, तेव्हाही अशीच पळाली होती," गोजरा म्हणाली. "सगळे, कुणीही, असल्या मोघम शब्दांना ही शाई धरत नाही. अण्णा, आपली रीत काय? सांगा महाराजांना."

अण्णांच्या चेहऱ्यावर रक्त परतलं. दिवसातून पन्नासदा पाळायची रीत, घाबरून पार विसरले होते! "माणूस असो की जनावर, ज्याच्यावर लिहायचं, त्याच्या डोळ्यांत बघून मागणाऱ्याने त्याचं नाव घ्यायचं. एकेकाचं! मगच अक्षर बसतं."

"हात्तिच्या! मग घेतो की नाव!" राजाने आचाऱ्याकडे रोखून पाहिलं. "हा... आचारी!"

"ते काम झालं, महाराज. नाव?" गोजराने विचारलं.

राजाने डोकं खाजवलं. बावीस वर्षं या माणसाच्या हातचं जेवत होता. "तो राहू दे! हा बघ, छत्रीवाला!"

"छत्री काढून घेतली तर उरतो त्याचं नाव काय?"

"प्रधान!"

"ते पद झालं."

"पवन!" राजा ओरडला. "पवन मला पक्का ठाऊक आहे!"

"पवन तुमचा घोडा आहे, महाराज," प्रधान हळूच म्हणाला. "तो कुठे नाही म्हणतो?"

बोरूकरांमध्ये कुणीतरी फिसकन हसलं. राजा लालबुंद झाला. "हसता? एकेकाला उभं करून नाव विचारीन! वर्ष लागो, दहा वर्षं लागोत! ए शाईवाले, तुझ्यापासूनच सुरुवात. सांग नाव!"

"नाही सांगत."

"काय?"

"अजून लिहून कुठे झालंय? तोवर नाही म्हणता येतं."

"अण्णाने आत्ताच गोजरे म्हणून हाक मारली! ऐकलंय मी!"

"ऐकलंत ना? मग घ्या. एक झालं. पण बाकीचे आता तोंड शिवून बसतील." गोजराने हात पदराला पुसले आणि सावकाश उठली. "आणि महाराज, तुम्ही आमची नावं गोळा करत फिरणार, तोवर एक गोष्ट ध्यानात असू द्या. तुमचं नाव या राज्यात शेंबड्या पोरालाही पाठ आहे. चाळीस बोरू समोर आहेत, शाई मी घोटून ठेवलीय. घेऊ का नाव? तुमच्या डोळ्यांत बघून?"

राजाने दोन्ही हातांनी डोळे गच्च झाकले!

मग त्या हातांमागून आवाज आला, आधी खुसखुस, मग खो खो! राजा इतका हसला की मुकुट घरंगळत आचाऱ्याच्या पायाशी गेला.

"अंगठे माफ!" तो डोळे न उघडताच म्हणाला. "बाई, तुम्हाला काय हवं ते मागा!"

"एक बोरू. आणि या चाळिसांच्या ओळीत, पुढे, बसायला जागा."

"पण महाराज, शाईवालीने..." अण्णांनी तोंड उघडलं.

"अण्णा, तुमचा अंगठा कुणी वाचवला?" राजा म्हणाला. "द्या बोरू!"

अण्णांनी मुकाट्याने स्वतःचाच बोरू तिच्या हातात दिला. गोजरा पुढच्या आसनावर ऐसपैस बसली, कागद ओढला, बोरू दौतीत बुडवला.

राजाचे हात अजून डोळ्यांवरच. "बाई, आता माझ्यावर काही लिहिणार नाही ना?"

"हात काढा, महाराज भडकसेन, आणि बघा इकडे, एवढंच लिहिणार आहे, की रोज दोन पोळ्यांवर उठाल!"