खैरोळात दिवसा गोष्ट का सांगतात

खैरोळात मुद्दाम असं कुणी येत नाही. घाटातून उतरलेला रस्ता माळावर फुटतो, तिथे उजवीकडे जायचं सोडून माणूस डावीकडे वळतो आणि थोड्या वेळाने तेली आळीत येऊन थांबतो. दुपारची वेळ असेल तर त्याला एक नवल दिसतं. आळीतल्या घरांना पुढे रुंद दगडी ओटे आहेत आणि ऊन डोक्यावर असताना त्या ओट्यांवर गोष्टी रंगलेल्या असतात. कुणी शेंगा सोलतंय, कुणी वाती वळतंय, एकजण सांगतोय आणि बाकीचे ‘हं’ म्हणताहेत.

दुसऱ्या कुठल्या गावात दिवसा गोष्ट सांगायला बसलात तर घरातली म्हातारी लगेच अडवते. दिवसा गोष्ट सांगितली की ऐकणाऱ्या पोरांचा मामा वाट चुकतो, हे सगळ्यांना ठाऊक आहे. खैरोळकरांनाही ठाऊक आहे, जरा जास्तच. तरी ते सांगतात. का सांगतात, हे ऐकल्याशिवाय चुकून आलेल्या माणसाला तिथून हलता येत नाही. त्याला ओट्याच्या टोकाला एका गुळगुळीत दगडावर बसवतात आणि गूळपाणी देतात. त्या दगडावर गावातलं कुणी बसत नाही. पाहुण्याने घाई केली तर म्हणतात, वाट चुकलेल्याला कसली आलीय घाई, बसा.

तर गोष्ट पेंढाऱ्यांच्या धामधुमीतली आहे. या आळीत सटवाजी तेल्याचा घाणा होता. त्याच्या बायकोचं नाव म्हाळसा. तिचं माहेर डोंगरापलीकडच्या खोऱ्यात. आईबाप लवकर गेले, तेव्हा धाकट्या हैबतीला तिनेच वाढवलं. पोर रडायला लागलं की गोष्ट सांगायची, एवढंच तिला ठाऊक. रात्रीपर्यंत थांबायला पोर कुठलं ऐकतंय, म्हणून ती दिवसाही सांगायची. त्या दोघांचा मामा म्हणे कधीच त्यांच्याकडे फिरकला नाही. लोक म्हणायचे, या पोरीच्या गोष्टींनीच तो कुठल्या कुठे भरकटला असणार. मामाला पोरक्या भाच्यांचं ओझं नको होतं हे खरं कारण. पण पोरांना गोष्टींचं कारण बरं वाटायचं.

म्हाळसा लग्न होऊन खैरोळात आली. मधे खिंड होती. ती अशी अवघड की तिथे जाणकार माणूसही वाट चुकायचा आणि रात्री तर घोडंही पाऊल टाकायचं नाही. हैबती मात्र दर भाऊबीजेला त्याच खिंडीतून डोळे मिटून यायचा. पुढे तो पेंढाऱ्यांत गेला. अंगात धमक होती, नाईक झाला. मग भाऊबीजेला तो येईना, त्याने धाडलेला माहेरच्या खोऱ्यातला एक माणूस येऊ लागला. एका वर्षी त्या माणसाने म्हाळसाच्या दोन पोरांसाठी, ठकी आणि कोंडिबासाठी, चांदीचे वाळे आणले. म्हाळसाने ते हातात घेऊन पाहिले. एक वाळा वाकडा झाला होता, कुणाच्या तरी पायातून ओढून काढताना व्हावा तसा. तिने ते तसेच फडक्यात बांधून परत दिले.

“त्याला सांग, दुसऱ्याच्या लेकराच्या पायातलं माझ्या लेकरांच्या पायात नगं. यायचं तर रिकाम्या हातानं ये.”

हैबतीला हा निरोप फार लागला. साऱ्या टोळीसमोर बहिणीने तोंडावर फेकलं म्हणून तो पेटला आणि त्याने भंडारा उचलून शपथ घेतली की अक्काचा उंबरा तेवढा सोडीन, बाकी खैरोळ धुऊन नेईन. मेंढरं घेऊन आलेल्या एका धनगराने ही बातमी गावात आणली. गावाची गाळण उडाली. कुणी दाणे पेवात लपवले, कुणी भांडी विहिरीत सोडली. पाटलांनी लाठ्या-भाले जमवले आणि खिंडीच्या तोंडाशी माणसं बसवायचं ठरवलं.

म्हाळसाचा जीव दोन्हीकडून कातरला. भाऊ आला तर तिच्यापायी सारं गाव लुटलं जाणार. गावाने त्याला गाठला तर लहानपणी कडेवर खेळवलेलं पोर लोकांच्या भाल्याला लागणार. गाव तिचं होतं आणि भाऊही तिचाच होता. घाण्याच्या बैलासारखं तेच तेच तिच्या डोक्यात फिरत राहिलं.

सकाळी तिने ओटा झाडला, दोन्ही पोरांना समोर बसवलं आणि भर उन्हात सुरुवात केली, एक होता राजा. सटवाजी घाणा सोडून बाहेर आला. पाटील तिकडून चालले होते, तेही थबकले.

“म्हाळसाबाई, ही काय गोष्टी सांगायची येळ हाय?” पाटील म्हणाले. “गावावर काय आलंय, ठावं हाय न्हवं?”

“ठावं हाय म्हणूनच सांगतीया. ह्यांचा मामा येतोय. त्याला वाट चुकवायची हाय.”

पाटलांनी पागोटं सरकवून डोकं खाजवलं. पण त्यांच्याजवळ तरी याहून मोठा उपाय कुठे होता? ते पुढे निघून गेले. म्हाळसा सांगत राहिली. राजा संपला, कोल्हा झाला, करकोचा झाला. घसा कोरडा पडला की पाणी प्यायची आणि पुन्हा सुरू. अंधार पडला तेव्हा कुठे ती थांबली.

टोळी आली नाही. दुसऱ्या दिवशी तोच धनगर हसत हसत सांगत आला, की हैबती नाईक दिवसभर टोळी घेऊन माळावर फिरला आणि संध्याकाळी सकाळच्याच बाभळीखाली येऊन ठेपला. जन्मात कधी जी वाट चुकला नव्हता, ती त्याला सापडेना. खैरोळची खिंड टोळीत दुसऱ्या कुणाला ठाऊकच नव्हती.

तेव्हापासून म्हाळसाला सुट्टी नाही. एक दिवस गोष्ट चुकली की मामा वाटेवर येणार, म्हणून पाऊस असो, ऊन असो, पोरांना ताप असो, ओट्यावर गोष्ट झालीच पाहिजे. कोठीतले दाणे संपावेत तशा तिच्या गोष्टी संपत आल्या. मग आळी मदतीला धावली. ज्याला जी येईल ती गोष्ट त्याने येऊन सांगायची. कुणी देवादिकांच्या सांगितल्या, कुणी भुतांच्या. म्हाळसाच्या सासूने तर आपल्या सासूची गाऱ्हाणी गोष्ट म्हणून सांगितली, आणि ती चांगली आठवडाभर पुरली.

पण गोष्ट म्हटल्यावर आळीतली इतर पोरंही चोरून ऐकू लागली, आणि एकच घोटाळा झाला. एका पोराचा मामा दिवाळीची करंज्यांची दुरडी घेऊन भलत्याच गावी गेला आणि तिथल्या लोकांनी करंज्या खाऊन त्याला वाटेला लावला. एका पोरीचा मामा दुसऱ्याच लग्नात जाऊन जेवून आला. बाया भांडायला उठल्या. शेवटी असं ठरलं, की म्हाळसाच्या पोरांखेरीज फक्त बिनमामाच्या पोरांनी ओट्यावर बसायचं. एरवी ज्यांना ‘मामा नाही बिचाऱ्याला’ म्हणून हळहळत, ती पोरं आता पाय पसरून पुढच्या रांगेत बसू लागली, आणि मामावाली पोरं लांबून त्यांचा हेवा करू लागली.

अशी वर्षं गेली. गाव सुखरूप होतं. म्हाळसा दर भाऊबीजेला ताट घेऊन अंगणात जायची आणि भाऊ नसलेल्या बाया करतात तशी चंद्राला ओवाळायची. भाऊ जिवंत असून चंद्राला ओवाळायचं, आणि त्याला आपणच लांब ठेवलाय हे मनात ठेवून ओवाळायचं, हे फार कठीण होतं. ती कुणाजवळ बोलली नाही. पण हैबती कुठे झोपत असेल, काय खात असेल, हे तिला रोज पहिल्या घासाला आठवे.

ठकी लग्नाची झाली. जवळचंच स्थळ आलं, तिथी धरली. मग प्रश्न आला मामाचा. नवरीला बोहल्यावर मामाने आणायचं आणि मंगलाष्टकं होईपर्यंत तिच्या पाठीशी त्यानेच उभं राहायचं. पाटील म्हणाले, मी मानलेला मामा होऊन उभा राहतो. ठकी तशी अबोल पोर, पण तेव्हा बोलली.

“माझा मामा जिता हाय. जित्या माणसाच्या जागी दुसरा कशापायी?”

म्हाळसा त्या रात्री रडली. दुसऱ्या दिवशी तिने गावापुढे पदर पसरला, की हळदीच्या दिवशी गोष्ट बंद ठेवू द्या. एक दिवस. कुणी म्हणालं, इतकी वर्षं दाबून ठेवलेला राग घेऊन आला म्हणजे? म्हाळसा म्हणाली, “आला तर आधी माझ्या दारात येईल. तिथं मी उभी हाय.” ती दुपारच्या दुपार बोलली होती म्हणून गावाचे दाणे शाबूत होते, हे सगळ्यांना आठवलं. पाटील म्हणाले, बरं. पण लाठ्यावाली माणसं मांडवामागे बसवायला ते विसरले नाहीत.

हळदीच्या दिवशी म्हाळसाने ओटा सारवला आणि गप्प बसली. इतक्या वर्षांनी आळीत गोष्टीचा आवाज नव्हता. जात्यावर हळद दळून झाली, बाया जमल्या, पण ओव्या कुणाच्या तोंडून नीट निघेनात. सगळ्यांचे कान खिंडीकडे होते.

ऊन कलायच्या आत खिंडीतून एकच घोडा आला. फेसाळलेला, लगाम सुटलेला. स्वाराच्या डोक्याला मुंडासं नव्हतं, हातात हत्यार नव्हतं. दाढी पांढरी झाली होती. त्याने सटवाजीच्या दारात बायाबापड्यांची गर्दी पाहिली आणि घोड्यावरून जवळजवळ पडलाच.

“अक्का कुटं हाय?” तो ज्याला त्याला विचारू लागला. “माझी अक्का कुटं हाय?”

गर्दी बाजूला झाली. म्हाळसा हळदीच्या हातांनी ओट्यावर उभी होती. हैबतीने तिला डोळे भरून पाहिलं आणि ओट्याच्या टोकाला जो दगड होता त्यावर मटकन बसला. लहान पोरासारखा हुंदके देऊ लागला.

“बरी हायस,” तो म्हणाला. “मग गोष्ट का थांबवलीस गं?”

म्हाळसा ओट्यावरून खाली उतरली. हैबतीच सांगू लागला. पहिल्या दिवशी वाट चुकली तेव्हाच त्याने ओळखलं होतं. दिवसा गोष्टी सांगून मामाला चुकवायचं, हे त्याच्या बहिणीवाचून दुसऱ्या कुणाचं काम? आधी तो चिडला, शिव्या दिल्या. वाट न सापडणाऱ्या नाईकामागे कोण राहणार. एकेक करून टोळी पांगली. हैबती एकटा उरला. तरी रोज सकाळी तो खिंडीकडे घोडा घालायचा आणि रोज चुकायचा.

“चुकलो की बरं वाटायचं,” तो म्हणाला. “म्हणायचो, अक्का ओट्यावर हाय. लेकरं म्होरं बसल्याती. समद्यास्नी बरं हाय. आन् आज, अक्का, वाट सरळ लागली. एक फाटा चुकला न्हाई. घोडा तसाच पिटाळला. म्हटलं, गोष्ट सांगणारी गेली.”

मांडवामागची माणसं लाठ्या टेकून पुढे आली होती, ती तिथेच खाली बसली. म्हाळसाने हळदीचे हात भावाच्या तोंडावरून फिरवले, त्याचे गाल पिवळे झाले, आणि दोघंही रडू लागली, ती कुणी थांबवेना. मग हैबती एकदम ओशाळला. भाचीच्या लग्नाला मामा आला आणि बरोबर खणसुद्धा नाही.

“रिकाम्या हातानंच बोलावलं हुतं तुला,” म्हाळसा म्हणाली.

ठकीला तिच्या मामाने बोहल्यावर आणलं. मंगलाष्टकं होईतो तो तिच्या पाठीशी उभा राहिला, गालाला हळद तशीच. पुढे तो खैरोळातच राहिला, सटवाजीचा घाणा हाकू लागला. दुपारी बैल सोडला की ओट्याच्या टोकाच्या दगडावर येऊन बसायचा आणि इतक्या वर्षांच्या चुकलेल्या गोष्टी म्हाळसाकडून एकेक करून ऐकायचा. ‘हं’ म्हणायला त्याच्यासारखा दुसरा नव्हता. मामावाल्या पोरांनाही आता मोकळीक मिळाली. गावचा मामा ओट्यावरच बसलाय, तो कुठे चुकणार, असं म्हणून बायांनी त्यांना सोडलं. सगळी पोरं भर दुपारी हैबतीमामाभोवती बसू लागली, आणि त्यांच्या खऱ्या मामांनाही म्हणे तेव्हापासून कधी चकवा लागला नाही.

आजही खैरोळात गोष्ट दिवसा सांगतात. आजही कुणाच्या घरी हळद असली की त्या दिवशी साऱ्या आळीतले ओटे मुके राहतात, उगाच जोखीम नको, लांबच्या मामांना वाट सरळ लागावी म्हणून. एरवी टोकाचा दगड चुकून आलेल्या माणसासाठी असतो. तो आधी कावराबावरा होतो, उशीर झाला म्हणतो, घरची वाट बघत असतील म्हणतो. त्याचं गूळपाणी झालं, गोष्ट ऐकून झाली की घरातली मोठी बाई त्याला माळापर्यंतची वाट दाखवते आणि निघताना सांगते, “वाट चुकलात न्हवं? मग काळजी करू नगा. घरी समदी बरी हाईत.”