आवडाईची ओहोटी

फार वर्षांपूर्वीची गोष्ट. किती वर्षांपूर्वीची ते मला विचारू नका. खाडीच्या तोंडाशी जो काळा खडक आता भरतीला बुडतो, तो तेव्हा बुडत नव्हता, एवढं मात्र आमच्या खाजणवाडीत सगळे सांगतात.

तेव्हा या वाडीत आवडा नावाची एक बाई होती. नवरा मासेमारीला जाणारा, घर दर्याला लागून, आणि हात असा की तिने दारात रांगोळी काढली की रस्त्याने जाणारा माणूस वाट वाकडी करून बघायला यायचा. असं म्हणतात की कोंबड्यासुद्धा ती रांगोळी ओलांडून जात. कोंबड्यांचं मी शपथेवर सांगणार नाही, पण म्हणतात खरं.

एका वादळात तिच्या नवऱ्याची होडी गेली ती परत आली नाही. आणि आमच्या गावाची तेव्हा रीत अशी की विधवेच्या हाताने दारात रांगोळी पडायची नाही. गावचा प्रमुख रवळू गावकार, त्याने तसा निरोप धाडला. आवडाची रांगोळीची करवंटी तिच्या जावेकडे, सुंदरीकडे गेली. सुंदरी काही वाईट नव्हती, रीत होती म्हणून तिने ती घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी आवडा सवयीने दारात येऊन बसली. हात रिकामा आणि बोटं आपली हलतायत. नवरा गेला तेव्हा रडली नव्हती एवढी ती त्या दिवशी रडली.

पण पोट कुणाला चुकलंय? ओहोटी लागली तशी ती शिंपले वेचायला किनाऱ्यावर गेली. तिथे ओल्या वाळूत नखाएवढ्या कुर्ल्या, म्हणजे इवले खेकडे, बिळांतून बाहेर आल्या होत्या. त्या वाळू तोंडात घेत, त्यातलं खाणं खात आणि उरलेल्या वाळूची मोहरीएवढी गोळी करून मागे टाकत. गोळ्यांमागून गोळ्या पडत गेल्या आणि प्रत्येक बिळाभोवती एकेक फूल उमललं. कुठे सूर्य, कुठे केवड्याचं पान, कुठे उघडलेला पंखा. सगळा किनारा रांगोळीने भरला. आवडाने ही वाळू जन्मापासून तुडवली होती, पण हे तिने कधी पाहिलं नव्हतं.

ती खाली बसली आणि म्हणाली, "तुमका कोणच आडवणा नाय गो?"

मग तिने बोट वाळूत टेकवलं. दर्याला उंबरठा नाही, तेव्हा इथे कुठली रीत मोडणार? कुर्ल्यांच्या फुलांना तिने देठ दिले. लाटेने सोडलेल्या रेघांच्या वेली केल्या, टिटवीच्या पावलांची पानं केली. भरती आली आणि सगळं घेऊन गेली. दुसऱ्या दिवशी कुर्ल्यांनी नवं काढलं, म्हणून तिनेही नवं काढलं.

हळूहळू बायका बघायला येऊ लागल्या आणि तिच्या वेली आपापल्या दारात नेऊ लागल्या. होडीवरचे पुरुष वल्हवताना जी गाणी म्हणत, त्यांत त्या वेली शिरल्या, टिटवी शिरली, कुर्लीसुद्धा शिरली. असं म्हणतात की तिचा शेवटचा ठिपका पडेपर्यंत भरती खडकापाशी ताटकळत उभी राहायची.

मग गावाला हाव सुटली. जत्रा जवळ आली होती आणि पाहुण्यांना हे दाखवायचं होतं. ज्याने करवंटी काढून घ्यायला लावली तोच रवळू गावकार म्हणाला, "एवढा बरा काम, नि दर्या रोज गिळता. ह्या ऱ्हवाक होया." आणि खरं सांगायचं तर आवडालाही तेच हवं होतं. तिचं असं काहीच मागे राहिलं नव्हतं. एक तरी राहू दे, असं तिला वाटलं, तर तिचं काय चुकलं?

तिने आपल्या आयुष्यातली सगळ्यात मोठी रांगोळी काढली आणि गावाने दर्याच्या बाजूने चिऱ्यांचा बांध घातला. आवडानेही डोक्यावरून चिरे वाहिले. भरती आली, बांधावर आपटली आणि मागे फिरली. रांगोळी राहिली! जत्रेला आलेल्या लोकांनी तोंडात बोटं घातली. रवळू गावकार तर अशा तोऱ्यात फिरत होता, जणू वाळूत बोट त्यानेच फिरवलं होतं.

जत्रा सरली. बांधाआडची वाळू सुकली, कुर्ल्या निघून गेल्या. रांगोळीवरून शेळ्या फिरू लागल्या. आवडा नवी काढायला बसली तर बोट तीच जुनी वेल काढी. पुन्हा बसली, पुन्हा तीच. दारोदारीही तीच वेल, आणि होडीवरची गाणी इतकी शिळी झाली की पुरुष मुकाट्याने वल्हवू लागले. पहिल्यांदा करवंटी नेली ती रीतीने. आता मात्र हातच गेला होता, आणि बांधाचे चिरे तर तिने स्वतः वाहिले होते.

ती गावकाराकडे गेली. "गावकारानु, बांध फोडूक होयो."

"सगळ्या गावान चिरे व्हायले ते फोडूक?" रवळू म्हणाला. "लोक हसतले."

ओहोटी लागल्यावर आवडा भरदिवसा, सगळ्यांच्या देखत किनाऱ्यावर गेली आणि एकटीच चिरे काढू लागली. लोक लांबून बघत राहिले. मग सुंदरी पदर खोचून खाली उतरली आणि जावेला जरा बाजूला सारत म्हणाली, "एकटीच कित्याक काढतंस? सर वायच." जाऊ गेली म्हटल्यावर बाकीच्या बायकाही गेल्या. संध्याकाळच्या भरतीला बांध उरला नव्हता. दर्या आत आला आणि ती मोठी रांगोळी घेऊन गेला. आवडा गुडघाभर पाण्यात उभी राहून हसत होती.

असं म्हणतात की दुसऱ्या सकाळी कुर्ल्या परत आल्या, आणि अशा आल्या की खडकापासून खाडीपर्यंत बोटभर वाळू मोकळी उरली नाही. फक्त मधोमध एक जागा रिकामी होती, एक बाई मांडी घालून बसेल एवढी. रवळू गावकार ती जागा बराच वेळ बघत राहिला. मग त्याने सुंदरीला करवंटी आणायला सांगितली, ती आपल्या हाताने आवडाला दिली आणि म्हणाला, "तेंनी तुझी जागा ठेवल्यानी, आवडे. जा, बस."

त्या दिवसापासून ती गावाची आवडाई झाली. खूप म्हातारी झाल्यावर एका ओहोटीला ती रांगोळी काढायला बसली आणि भरतीबरोबर निघून गेली, असं म्हणतात. खोकला होऊन घरातच गेली असंही कुणी कुणी म्हणतं, पण त्याला आमच्या वाडीत कोणी चहा विचारत नाही.

आजही माघातल्या मोठ्या ओहोटीला सगळं गाव अनवाणी किनाऱ्यावर जमतं. त्या साली जिचा नवरा गेला असेल तिला तिची जाऊ, नाहीतर शेजारीण, हाताला धरून आणते आणि करवंटी तिच्या हातात देते. पहिला ठिपका तिचा. त्यानंतर आम्ही सगळ्या बसतो. काढून झालं की रांगोळी राखायला कोणी थांबत नाही. त्या किनाऱ्यावर आजवर कोणी परत चिरा ठेवलेला नाही.

यंदा शेजारच्या शेवंतीची पाळी होती. तिला मीच आणलं. पोर चिमूट भरी आणि पुन्हा करवंटीत सोडी, ठिपका काही पडेना. भरती लागायची वेळ झाली, पाणी खडकाशी येऊन ठेपलं. कोणी घाई केली नाही. शेवटी तिचा ठिपका पडला आणि मगच पाणी खडकाच्या अलीकडे आलं.

हे 'असं म्हणतात' नाही हो. मी तिथे उभी होते.