जागेवरची मासळी

डोंगरातले ओढे नुकतेच वाहायला शिकले होते, तेव्हाची ही गोष्ट.

एका ओढ्यात करंगळीएवढी मासळी राहायची. अंगावर काळी रेघ, तोंड सदा प्रवाहाकडे. दिवसभर शेपटी हलवायची, वाहत आलेला किडा अचूक टिपायची, पण वीतभरही पुढे सरकायची नाही.

शेजारच्या धोंड्याखालचा खेकडा हसायचा. "अगं, एवढी पोहतेस आणि आहेस तिथंच! माझा धोंडा बघ, न हलता जागा धरून बसलाय."

"त्याला जमतं, दादा. मला पोहावंच लागतं."

एकदा डोंगरावर ढगफुटी झाली. गढूळ लोंढ्यानं धोंडाही नेला आणि खेकडाही.

पाणी निवळल्यावर खेकडा काठाकाठानं परत आला. ओढा ओळखूच येईना. सगळीकडे नुसती वाळू. तो अगदी रडकुंडीला आला. तेवढ्यात पाण्यात काळी रेघ दिसली. शेपटीचा तुकडा तुटलेला, तरी तोंड प्रवाहाकडेच.

"बाई गं, माझं घर कुठं होतं?"

"माझ्या डाव्या अंगाला," मासळी म्हणाली. पोहणं काही थांबवलं नाही.

खेकड्यानं तिथंच वाळू उकरायला घेतली. या वेळी त्यानं धोंडा शोधला नाही.