कागदाची सवत

“...मग ती बाई कोण, एवढं तरी सांगाल का मला?”

हौसाबाईनं पिशवीतून पुस्तक काढलं आणि गव्हाणीच्या कडेवर आपटलं. मठीत पाऊल टाकल्यापासून तिचं तोंड एकसारखं चालू होतं. नमस्कार करायचाही राहून गेला होता.

अलोणीबाबा म्हणजे डोंगराच्या पायथ्याशी मठी बांधून राहिलेले म्हातारे गोसावी. जेवणात मीठ घेत नसत, म्हणून लोकांनीच त्यांना हे नाव दिलेलं. धारेची वेळ झाली होती. बाबा चरवी घेऊन म्हशीपाशी उकिडवे बसले होते आणि हौसाबाईचं ऐकून घेत होते. दुसरं करणार तरी काय? ती बोलायला लागली की भल्याभल्यांना मूग गिळून बसावं लागे.

पुस्तक तिच्या लेकानं लिहिलं होतं. दिगंबर तालुक्याला मास्तर होता. त्यानं आईवर लिहिलं, आणि काय लिहिलं म्हणता! वाचणारा डोळे पुसतच पुस्तक मिटायचा. शाळांत त्यातली पानं मोठ्यानं वाचून दाखवत. लांबलांबून बायका एसटीनं यायच्या आणि हौसाबाईच्या पाया पडायच्या. एक बाई तर सरळ तिच्या मांडीवर डोकं ठेवून हुंदके द्यायला लागली. हौसाबाई ताठच्या ताठ बसून राहिली. हात कुठं ठेवावा तेच तिला कळेना.

चौथी शिकलेली बाई. ओळीखाली बोट धरून तिनं सगळं पुस्तक वाचून काढलं. पान उलटावं आणि अंगाची लाही लाही व्हावी, असं चाललं होतं तिचं.

पुस्तकातली आई पोराच्या भाजलेल्या बोटावर फुंकर घालत होती. हौसाबाईनं त्या दिवशी आधी थोबाडीत दिली होती आणि मग बोट पाण्यात घाल म्हणाली होती. पोर वसतिगृहाला निघालं तेव्हा पुस्तकातली आई एसटीमागं धावत गेली. हौसाबाई त्या वेळी दुसऱ्याच्या रानात खुरपत होती. नवरा गेलेला, पोर पदरात. लाड करायला वेळ कुणाला होता?

“तिला कवा राग येत न्हाई,” हौसाबाई बाबांना म्हणाली. “तिची कंबर दुखत न्हाई. सारखी आपली हसती मेली.”

बाबांनी विचारलं, हे लेकाला बोललीस का?

कशाला बोलेल? त्यानंच एकदा बिचकत विचारलं होतं, आई, वाचलंस का गं? चष्मा न्हाई, असं सांगून ती चुलीकडं वळली होती. चष्मा कमरेलाच खोचलेला होता.

लेकानं खोटं लिहिलं म्हणून ती रागावली असेल, असं कुणालाही वाटेल. रागावली होतीच. पण खरं दुखणं ते नव्हतंच. हेवा वाटत होता तिला. निव्वळ हेवा. त्या कागदाच्या बाईचा. सवत आणून घरात बसवली असती तरी एवढी जळली नसती ती.

“पानापानाला तिच्या मांडीवर निजतोय,” ती म्हणाली. आता आवाज खाली आला होता. “माझ्या मांडीवर त्यानं कवा डोकं ठेवलं न्हाई, बाबा. दिवाळीला येतो. पाव्हण्यागत उंबऱ्याशी बसतो. बरी हाईस का, म्हणतो. मी म्हणती, बरी हाय. झालं. जातो.”

...

बाबांनी म्हशीची पाठ थोपटली. म्हैस पाय झाडत होती, कासेला हात लावू देत नव्हती.

रविवारी तालुक्याच्या वाचनालयात हौसाबाईचा सत्कार होता. साडी, नारळ, भाषणं, सगळं काही. दिगंबर स्वतः न्यायला येणार होता. आणि हौसाबाईनं मनाशी पक्कं करून टाकलं होतं. माइक हातात आला की भरल्या सभेत सांगायचं, ही बाई मी नव्हं. माझ्या लेकानं समदं मनानं रचलंय.

त्यानं लेकाची छी-थू होईल, त्याला पुन्हा मान वर करता येणार नाही, हे तिला कळत नव्हतं असं नाही. चांगलं कळत होतं. म्हणून तर ती मठीत आली होती. बाबांनी नुसतं ‘सांग’ म्हणायचा अवकाश, मग तिच्या डोक्यावर काही दोष राहणार नव्हता.

बाबा ‘सांग’ म्हणाले नाहीत. ‘नको’ही म्हणाले नाहीत. उठले, गोठ्याच्या कोपऱ्यातलं रेडकू उचललं आणि म्हशीच्या तोंडापुढं आणून ठेवलं.

ते रेडकू कसलं! म्हैस व्याल्यावर तिचं पिल्लू लगेच मेलं होतं. पिल्लू पुढं नसलं की म्हैस दूध चोरते, पान्हा सोडत नाही. म्हणून मेलेल्या रेडकाच्या कातड्यात पेंढा भरून घेतला होता. पोटाला सुतळीचे टाके, डोळ्यांच्या जागी नुसत्या खोबणी. जन्मभर मीठ न खाल्लेले बाबा त्यावर मिठाचं पाणी तेवढं आठवणीनं शिंपडायचे.

म्हशीनं मान खाली घातली आणि ते चाटायला लागली. पाय झाडायचे थांबले. कास भरून आली. बाबा खाली बसले आणि चरवीत धार वाजू लागली.

हौसाबाई खेड्यातली बाई, असली पेंढ्याची वासरं तिनं आजवर कमी का पाहिली होती? पण आज तिला ते बघवेना. मुक्या जनावराला असं फसवायचं म्हणजे काय, आणि तेही तुमच्यासारख्यानं, असं ती बाबांना तोंडावर बोलली.

“व्हय. फसवतोय खरा,” बाबा म्हणाले.

त्यांनी कुडात खोचलेला विळा काढला आणि तिच्या हातात दिला.

“टाके उसव. दाव तिला पेंढा.”

हौसाबाई काही घाबरट नव्हती. तिनं विळा घट्ट धरला, वाकली, आणि सुतळीच्या टाक्यात टोक घातलं.

...

म्हैस चाटतच होती. कान चाटत होती, कपाळ चाटत होती, डोळे नव्हते ती जागा चाटत होती. पलीकडं बाबांच्या चरवीवर फेस चढला होता. आणि का कोण जाणे, हौसाबाईच्या डोळ्यांपुढं दिगंबर आला. टेबलावर वाकून, रात्र रात्र लिहीत बसलेला.

विळा पुढं सरकेना. तिनं तो परत कुडात खोचला आणि पदरानं तोंड पुसलं. जरा वेळानं तिचा राग पुन्हा उसळला, पण या वेळी त्यात रडू होतं.

“पण बाबा... हिचं रेडकू मेलं, म्हणून पेंढा भरावा लागला. मी जित्ती हाय न्हवं?”

...

बाबांनी चरवी बाजूला ठेवली. ती आल्यापासून पहिल्यांदाच त्यांनी तिच्याकडं नीट पाहिलं.

“दिगूला ठावं हाय का ते?”