शंखद्वीपाचे पाणी

पूर्वी त्रेतायुगाच्या आरंभी पश्चिम समुद्रात शंखद्वीप नावाचे, नारळीपोफळींनी दाटलेले, गोड्या झऱ्यांचे एक बेट होते. दानवांच्या भयाने व्याकूळ झालेल्या ऊर्जकेतू राजाला शारदंड ऋषींनी कालानल नामक अस्त्र दिले. त्याची परीक्षा घेण्यासाठी राजाने हेच बेट निवडले. तेथील वृद्ध सुईण वेत्रवती हीच द्वीपवासीयांची प्रमुख होती. तिच्यापुढे हात जोडून राजा म्हणाला, "माते, त्रैलोक्याच्या रक्षणासाठी सात ऋतूंपुरते हे बेट मला दे. जसेच्या तसे तुझ्या ओटीत परत घालीन."

राजाचा शब्द वेदवाक्य मानून सर्वांनी होड्या हाकारल्या. अस्त्र सुटले. समुद्र उकळला, तीन दिवस आकाशातून पांढरी राख गळत राहिली. सात ऋतू सरताच राजाने "बेट शुद्ध आहे" अशी दवंडी पिटवून द्वीपवासीयांना परत नेऊन सोडले.

पुढे गर्भ गळू लागले. कोणी नेत्रहीन, कोणी अस्थिहीन बालके जन्मली. ज्या मुली धडधाकट वाढल्या, त्यांच्याही पोटी तसेच दुःख आले. राजवैद्य पुष्कल दरवर्षी येई, बालकांना निरखी, भूर्जपत्रावर काही लिही आणि निघून जाई. अखेर वेत्रवतीने त्याची वाट अडवली.

"वैद्यराज, इतकी वर्षे येता, पण औषध कधीच कसे आणीत नाही?"

पुष्कलाने मान खाली घातली. "आई, औषधाची आज्ञाच नाही. विष किती पिढ्या टिकते, एवढेच पाहायचे आहे. बेट नासले आहे हे महाराजांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होते."

आंधळ्या नातीला कडेवर घेऊन वेत्रवती राजसभेत गेली. झऱ्याच्या पाण्याने भरलेला कलश तिने सिंहासनापुढे ठेवला. "राजन्, हे शुद्ध आहे असे तूच म्हणालास. एक ओंजळ पी."

राजाचा हात उचलेना. ती ऋषींकडे वळली. "मुनिवर, आपण तरी हे विष आवरा!"

शारदंड म्हणाले, "अस्त्र परत घेण्याचा मंत्र मजपाशी आहे. रक्तात उतरलेल्या विषावर माझ्यापाशी मंत्र नाही."

"अस्त्र देताना हे ठाऊक होते?"

ऋषी आसनावरून उठून सभेबाहेर गेले.

"शत्रूने मारले असते तर लढलो असतो," वेत्रवती राजाकडे वळून म्हणाली. "आम्ही तर तुला आशीर्वाद देऊन होड्यांत बसलो! ऊर्जकेतो, यापुढे तुझ्या शब्दावर कोणीही विश्वास ठेवणार नाही."

शाप फळला. राजाने तह मागितला तर शत्रू हसले, साहाय्य मागितले तर मित्र फिरकले नाहीत, आणि तो अरण्यात एकाकी मेला. परंतु त्या शापाने बेटावरील एकाही बालकाला दृष्टी आली नाही.

म्हणून त्या द्वीपवासीयांच्या कुळातील बाळंतीण आजही मुलगा की मुलगी हे विचारीत नाही, असे सांगतात. सुईण बाळाचे डोळे उघडून पाहते, हातापायांची बोटे चाचपते, आणि तोवर आई श्वास रोखून पडून असते.