यादीत नसलेलं नाव

फार मागची गोष्ट. इतकी मागची, की त्या राज्याचं नावही आता कुणाला ठाऊक नाही.

तिथं डोंगराच्या कुशीत एक म्हातारी वैद्यीण राहायची. सगळे तिला आजी म्हणत. आयुष्यभर रोगी तपासून तिनं औषधांची एक पोथी लिहिली होती. ती कुणालाही फुकट उतरवून घेता येई. अट एकच. आजींसमोर बसून उतरवायची, त्यांना वाचून दाखवायची आणि त्यांच्या यादीत आपलं नाव-गाव लिहायचं.

एकदा दूरच्या गावातून एक तरुणी आली. घरी तिची आई दम्यानं बेजार होती. आजींच्या दारात चाळीस माणसं बसलेली. पोथी हाती यायला आठ दिवस लागणार होते. ती बसे, उठे, पुढची माणसं मोजे, पुन्हा येऊन बसे.

तिची तगमग एका फिरत्या लेखनिकानं हेरली.

"पोरी, मुळं फुटेपर्यंत बसणार का इथं? हीच पोथी माझ्याकडं आहे. गुपचूप उतरवलेली, पण अक्षर न् अक्षर तीच. घेऊन जा."

"आजींना विचारायला नको?"

"त्यांचं काय जातंय? त्यांची पोथी त्यांच्यापाशीच राहते की."

तिला ते पटलं. निदान पटवून घेतलं.

पोथी खरंच तीच होती. काढ्यानं आईचा दमा ओसरला. पण मुलीला चैन नव्हतं. दारात पाऊल वाजलं की ती पोथी कणगीत दडवी.

दोन महिन्यांनी आजींचा स्वार गावच्या विहिरीवर थांबला. तिनं पाणी दिलं.

"ताई, पलीकडच्या गावी निघालोय. आजींच्या यादीत तिथली दोन नावं आहेत. इथलं एकही नाही, तरी विचारतो. त्यांची पोथी आहे का इथं कुणाकडं?"

चोरी उघडी पडणार, एवढंच तिला सुचलं.

"नाही हो. आमच्या गावात कोण वाचतंय?"

"बरं तर," म्हणून त्यानं घोडा हाकला. ती घरी आली आणि तिनं काढा उकळत ठेवला.

पुढं आईला अंधुक दिसू लागलं. मुलगी पलीकडच्या गावच्या वैद्याकडे धावली. त्यानं आपली पोथी उघडली. दम्याच्या पानावर एक मुळी लाल शाईनं खोडलेली होती.

"हिनं डोळे जातात, हे आजींना मागाहून कळलं," वैद्य म्हणाला. "यादीतल्या प्रत्येकाला त्यांनी निरोप धाडला. स्वार तुमच्याच गावावरून आला की."



आईची दृष्टी परतली नाही. रोज सकाळी ती विचारी, "उजाडलं का गं?" आणि मुलगी हो म्हणे.

ज्यानं लिहिलं त्याला विचारूनच घ्यावं; चोरून घेतलं तर अक्षरं मिळतात, पण त्यांच्यामागं उभा असलेला माणूस मिळत नाही.