मेणाचे दोन गोळे

“पण आबा काही बोलले तर असतील ना? नीट आठवा, गुरुजी.”

कुशाबा गुरुजी ओसरीवर बोरू तासत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

“बोलले. बराच वेळ बोलले.”

विरोचनचा जीव भांड्यात पडला. सप्तकूट नगरीच्या भास्वर घराण्याचा हा कर्ता पुरुष भर उन्हात, पायी, नदी ओलांडून आला होता. एरवी भास्वर कुणाच्या दारी जात नसत. राजाच्या डोक्यावर मुकुट चढायचा तो त्यांनी मंत्र म्हटल्यावर, आणि उतरायचा तोही त्यांनीच म्हटल्यावर. विरोचन तर त्या घरातला सगळ्यात ताठ मानेचा.

आज मान ताठ नव्हती. त्याच्या नऊ वर्षांच्या इरावतीला दगडज्वर जडला होता. पाय दगडाचे झाले होते, आता कंबरही. गळ्यापर्यंत पोचायला फार तर चार दिवस.

दगडज्वरावर मंत्र एकच, आणि तो भास्वरांकडेच. पण बापाने तो थोरल्या मुलाच्या कानात अगदी शेवटच्या घटकेला सांगायचा, अशी त्यांची चाल. आधी सांगितला तर मुलगा बापाला विचारायचा नाही, ही पूर्वजांना धास्ती. एवढे जगाला शहाणपण शिकवणारे, पण पोटच्या पोरावर भरवसा नाही!

आबांची ती घटका आली तेव्हा विरोचन राजसभेत वाद जिंकत होता. निरोप तीनदा आला. तिन्ही वेळा तो म्हणाला, ‘एवढा मुद्दा संपवून येतो.’

उशाशी होते ते फक्त कुशाबा. विरोचनचा हात धरून त्याला पहिलं अक्षर गिरवायला लावणारे.

“काय बोलले?”

गुरुजींनी बोरू खाली ठेवला. कोनाड्यातली डबी आणून उघडली आणि मेणाचे दोन पिवळट गोळे विरोचनच्या तळहातावर ठेवले.

विरोचनने ते लगेच ओळखले. भास्वरांच्या घरात मंत्र म्हटला जाताना रक्ताबाहेरच्या प्रत्येकाने कानात मेण घालायचं. घरच्या सुनांनीसुद्धा.

“तुम्ही... मेण घातलं होतंत?”

“तुमची रीत आहे.”

“अहो, पण माणूस मरत होता! खोलीत दुसरं कुणी नव्हतं! काढायचं होतंत ना!”

“तू बारा वर्षांचा होतास,” गुरुजी म्हणाले. “माझ्या डाव्या कानातलं मेण सैल होतं. तू बोट दाखवलंस. मला भर चौकात सात छड्या बसल्या.”

विरोचनला आठवलं. आजोबांनी तेव्हा त्याच्या पाठीवर शाबासकीची थाप मारली होती. ती थाप तो आजवर मिरवत आला होता. आता त्याला स्वतःची किळस आली.

“आबांनी हात पुढे केला होता,” गुरुजी हळूच म्हणाले. “माझ्या कानाकडे. मेण काढायला.”

“मग?”

“मी मागे सरलो.”

विरोचन खाली बसला. त्याने ते गोळे आपल्याच कानाशी नेऊन दाबले. सगळी शास्त्रं कोळून प्यालेला माणूस, पण मेणात अडकलेला एखादा शब्द सापडेल म्हणून कितीतरी वेळ तसाच बसून राहिला.

मग त्याला रडू फुटलं.

“माझ्याकडून काही राहिलं नाही हो, गुरुजी. येतील तेवढे सगळे मंत्र म्हटले. नऊ दिवस, अहोरात्र, तिच्या उशाशी. आताही धाकटा भाऊ म्हणतोय. एक क्षण खंड पडू दिला नाही. अख्खं घर कानात मेण घालून बसलंय. तिची आईसुद्धा.”

गुरुजींनी इतक्या वेळात पहिल्यांदाच त्याच्याकडे रोखून पाहिलं. त्यांचे डोळे भरून आले होते.

“पोर अजून बोलते?”

“बोलते. गळा मोकळा आहे अजून.”

“आणि आईला हाक मारते... ती कोण ऐकतं?”